पावणेचार फरशांचं घर

आमच्या शेजारच्या गुलाबरावांच्या हॉलमध्ये फरशीवर पिवळ्या ऑइलपेंटची एक ठसठशीत रेघ आहे. नवा माणूस ती ओलांडून बिनधास्त सोफ्यावर बसतो. मग गुलाबराव हसतमुखाने सांगतात, "बसा, आरामात बसा. फक्त तुम्ही आता बँकेत बसून राह्यले. चहा मात्र आपल्या घरातून यीन."

रेघेच्या आतलं स्वयंपाकघर, न्हाणी, झोपायची खोली आणि अर्धा हॉल गुलाबरावांचा. बाहेरचा अर्धा हॉल, पुढची खोली आणि पोर्च बँकेचा. दरवर्षी कर्ज घेतल्याच्या तारखेला ते लुंगी खोचून बसतात, जुनी रेघ थिनरने पुसतात आणि फेडलेल्या मुद्दलाच्या हिशेबाने नवी रेघ पुढे ओढतात. बँकेच्या भिंतीत ते खिळा ठोकत नाहीत. त्यामुळे बरीच वर्षं घड्याळ, कॅलेंडर, लग्नातला फोटो आणि मुलाचं डिग्रीचं सर्टिफिकेट अशी सगळी मंडळी स्वयंपाकघरात फोडणीचा वास घेत लटकत होती. वाजले किती हे बघायला पाहुण्याला मिक्सरपर्यंत जावं लागे.

गुलाबराव एसटीच्या मेहकर आगारात वाहतूक नियंत्रक होते. जन्मभर माइकवरून गाड्या पुकारल्यामुळे त्यांचं खासगी बोलणंसुद्धा फलाटावर उभ्या असलेल्या सगळ्यांसाठी असतं. "अनसूयाऽऽ, भाजीत मीठ नाही" ही बातमी आमच्या कॉलनीला वहिनींच्या आधी कळते. मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवते, मुलांच्या गोंगाटाची मला सवय आहे. तरी पहिले सहा महिने मी या माणसाला मनातल्या मनात बरंच बोलले.

या रेघेची सुरुवात अशी झाली. पंधरा लाखांचं कर्ज वीस वर्षांसाठी काढून त्यांनी घर बांधलं. वर्षभर हप्ते इमानाने भरले. वर्षाच्या शेवटी इन्कमटॅक्ससाठी बँकेचा कागद आणला आणि पाहिलं, तर भरले होते पावणेदोन लाखांच्या आसपास आणि मुद्दलातून कमी झाले होते पंचवीस हजारांपेक्षाही थोडे कमी. बाकी सगळं व्याज. गुलाबरावांना वाटलं, छपाईची चूक आहे. ते बँकेत गेले. तिथल्या मुलीने शांतपणे सांगितलं, "काका, सुरुवातीला असंच असतं. आधी व्याज, मग उरेल ते मुद्दल."

घरी येऊन त्यांनी टेप काढला. भिंती आणि स्लॅब बँकेला माफ केले आणि नुसत्या फरशीचा हिशेब मांडला. दोन बाय दोनच्या फरशा होत्या. वर्षभराच्या बारा हप्त्यांत सुटल्या होत्या पावणेचार.

"मॅडम," ते कुंपणावरून मला म्हणाले, आणि अर्थातच सगळ्या कॉलनीला म्हणाले, "साल भर राबलो अन् पावणेचार फरशा! एक माणूस नीट झोपत नाही तेवढ्यात!"

कुठल्या पावणेचार, यावरून त्या घरात पहिलं भांडण झालं. गुलाबरावांचं म्हणणं, दारापासून सुरू करू. वहिनी म्हणाल्या, "दारात कोन राह्यते? मले माह्या पायाखालचं पाह्यजे." म्हणून ओट्यापुढच्या पावणेचार फरशा मोकळ्या झाल्या आणि रेघ तिथून निघाली.

तेव्हापासून गुलाबरावांना मुद्दल या शब्दाने झपाटलं. कोणी लांबण लावली की ते हात वर करून गाडी थांबवल्यासारखं थांबवतात, "हे सारं व्याज झालं. मुद्दल सांगा." लग्नाच्या पत्रिकेत त्यांना फक्त तारीख आणि जेवणाची वेळ मुद्दल वाटते. पुढाऱ्याच्या भाषणाला एकदा मी त्यांच्या शेजारी बसले होते. तासाभराने ते माझ्या कानाशी, म्हणजे पाच रांगांना ऐकू जाईल असं, म्हणाले, "अजून पावली फिटली नाही."

माझ्याही घरावर कर्ज आहे. मी आपली सांगत असे, आमचं घर अठरा लाखांचं. एके दिवशी त्यांनी माझा हप्ता विचारला, वर्षं विचारली, मान खाली घालून हवेत बोटांनी गुणाकार केला आणि म्हणाले, "मॅडम, घर अठराचं नाही. घर एक्केचाळीसचं हाय. अठराचं ते फक्त कागदावर." मला इतका राग आला की मी दोन दिवस त्यांच्याशी बोलले नाही. नंतर दिवाळीच्या बोनसमधून सोफा घ्यायचा बेत मी रद्द केला आणि ते पैसे मुद्दलात टाकले. हे मी त्यांना सांगितलं नाही, नाहीतर माइकवर पुकारलं असतं.

पण शहाणपण काही त्यांच्याकडे जन्मजात नव्हतं. चौथ्या-पाचव्या वर्षी ते आमच्याकडे पेढे घेऊन आले होते. मी विचारलं, "काय झालं भाऊ?" तर म्हणे, "बँकवाले देवमाणसं हायेत. व्याजाचा दर वाढला, अन् हप्ता एक रुपयानं वाढवला नाही!" आम्हीही पेढे खाल्ले आणि बँकेचं कौतुक केलं. वर्षभराने रेघ पुढे सरकवायची वेळ आली तेव्हा ती जवळपास जागची हलेना. पुन्हा बँकेत गेले. तीच मुलगी, तीच शांतता. "काका, हप्ता तोच ठेवला म्हणून वर्षं चारने वाढली."

त्या दिवशी गुलाबराव पोर्चमध्ये, म्हणजे बँकेत, येऊन बसले. मग मला म्हणाले, "पाहा ना मॅडम. गाडी तीच, तिकीट तेच. पन रात्रीतून कोनं तरी मेहकर उचललं अन् वाशीमच्या पलीकडं नेऊन ठेवलं. मी आपला खिडकीशी बसून खुश, की तिकीट वाढलं नाही! अन् वरून पेढे वाटले!"

या सगळ्यात अनसूयावहिनींची एकच मागणी होती. वास्तुशांती. जानेफळला त्यांचे थोरले भाऊ आहेत, वय झालेलं, डोळ्यांनी अंधुक दिसतं. बहिणीच्या घराला आपल्या हाताने आहेर करावा एवढीच त्यांची इच्छा. दर भाऊबीजेला विचारत, "अनसू, यंदा करता का?" आणि वहिनी गुलाबरावांकडे बघत. गुलाबराव म्हणत, "वास्तू बँकेची अन् शांती आपली, असं कसं चालन? वास्तुपुरुष घरभर आडवा पडलेला राह्यते म्हनते. डोक्श्यापासून कमरेपर्यंत आपल्या घरात, अन् पाय बँकेत? कर्ज फिटू दे. सारं घर मोकळं झालं की गाव जेऊ घालीन."

वहिनी हसत आणि आत जात. त्यांचे गुडघे दुखायला लागले तरी ते उत्तर बदललं नाही. मला कधीकधी वाटे, रेघेवर थिनरचा डबाच ओतावा.

यंदा गुलाबराव निवृत्त झाले. फंडाचे पैसे आले. कर्जाचे पाचेक वर्षांचे हप्ते उरले होते, आणि एकरकमी भरायचे तर सात लाखांत घर मोकळं होत होतं. त्यांनी बँकेत विचारूनही ठेवलं. वहिनींनी भावाला फोन केला, "दादा, आता होते." मी स्वतः त्यांच्याबरोबर जाऊन पूजेचं साहित्य काय लागतं ते विचारून आले.

आणि तेवढ्यात पुण्याहून मंगेशचा फोन आला. मंगेश हा त्यांचा एकुलता एक मुलगा. त्याने फ्लॅट बघितला होता. गुलाबरावांनी पहिला प्रश्न विचारला, "किती सालाचं कर्ज?"

"पंचवीस. हप्ता कमी बसते ना, बाबा."

यापुढचं संभाषण आम्ही सगळ्यांनी आपापल्या अंगणातून ऐकलं. "तू फ्लॅट नाही घेऊन राह्यला बे, तू बँकेले दत्तक घेऊन राह्यला! तुह्या पोराचं लग्न होईन, तरी हप्ता चालू राहीन!" पलीकडून मंगेश काय म्हणाला ते ऐकू आलं नाही. पण गुलाबराव एकदम गप्प झाले, आणि गप्प गुलाबराव हा आवाज आमच्या कॉलनीला नवीन होता. वहिनींनी नंतर मला सांगितलं. तो म्हणाला होता, "तुम्ही तरी काय केलं बाबा? आईले घरात ठेवलं अन् घर देलं नाही."

पुढचा आठवडा ते कुंपणाकडे फिरकले नाहीत. मग एका सकाळी आले आणि चक्क हळू आवाजात म्हणाले, "मॅडम, तुम्ही गनित शिकवता. माह्यं बराबर हाय का सांगा. माह्यं कर्ज म्हातारं झालं. आता हप्त्यात मुद्दलच जास्त, व्याज थोडकं. मी सात लाख इथं भरले तं वाचते किती? दोन लाखही नाही. पन मंगेशचं कर्ज नवं हाय. त्याच्या हप्त्यात सारं व्याजच राहीन. तेच सात लाख त्याच्या घरात टाकले, तेवढं कर्ज त्यानं कमी काढलं, तं पंचवीस सालात दहाच्या वर वाचतात. रुपया तोच. कुठं टाकला त्याच्यावर हाय."

मी मनात पडताळून पाहिलं. बरोबर होतं. मी विचारलं, "आणि वहिनींची वास्तुशांती?"

ते कुंपणाच्या तारेचा गंज नखाने काढत राहिले. "ते नाही बसून राह्यलं गनितात," म्हणाले आणि निघून गेले.

पैसे पुण्याला गेले. उरलेल्या हप्त्यांसाठी गुलाबरावांनी एका मंगल कार्यालयात पार्किंग सांभाळायचं काम धरलं. तिथे त्यांना माइकची गरज नाही. मला त्यांचं कौतुक वाटलं आणि वहिनींसाठी जीव तुटला. जानेफळच्या दादांना आता काय सांगणार, हा विचार माझ्या डोक्यातून जाईना.

आणि दसऱ्यानंतर एके दिवशी गुलाबराव अक्षता घेऊन आमच्या दारात उभे. "रविवारी वास्तुशांती हाय. सगळ्यायनं यायचं."

"भाऊ, पण कर्ज?"

"हाय ना कर्ज. कुठं जाते?"

"मग वास्तुपुरुषाचे पाय?"

"घीन आखडून," ते म्हणाले. "अनसूयाचे गुडघे नाही वळत. त्याचे तरी वळतीन."

रविवारी गाव नाही, पण कॉलनी जेवली. मंगेश बायकोला घेऊन आला, वडिलांच्या पाया पडला, आणि दोघांनीही त्या फोनचं नाव काढलं नाही. दादांना जानेफळहून गाडी करून आणलं होतं. त्यांनी बहिणीच्या हातात लुगडं ठेवलं आणि तिचा चेहरा चाचपून बघितला. वहिनी रडल्या. मीही रडले, उगाच धुराचं निमित्त केलं. गुरुजींनी घराभोवती दुधाची धार धरून फिरायला सांगितलं. गुलाबराव वहिनींचा हात धरून निघाले आणि मागच्या दारापासून पोर्चपर्यंत सगळं घर फिरले, कुठेही न थांबता.

संध्याकाळी पंगत उठल्यावर मी भांडी आवरायला थांबले होते. गुलाबराव हॉलमध्ये एकटेच बसले होते. मला बघून म्हणाले, "मॅडम, सगळ्या गावाचे हिशेब केले मी. एक राह्यला. एकोणीस सालं मी हिले म्हनलं, थांब. पैशे थांबले तं व्याज लागते. मानूस थांबलं तं किती लागत असीन?"

"वहिनींना विचारा," मी म्हटलं.

"हिंमत नाही होत. तुम्ही विचारून पाहा."

मी आत गेले. वहिनी ओट्यापाशी स्टुलावर बसून नव्या लुगड्याची घडी घालत होत्या. मी सरळ विचारलं. त्या आधी हसल्या, मग दाराकडे बघून आवाज अगदी खाली आणला.

"मी कुठं थांबली? सामान आनलं त्या दिवशी मंगेशच्या बाबाची सकाळची ड्युटी होती. घरात मी एकलीच. शेगडी पेटवली, दूध ठेवलं अन् चांगलं उतू जाऊ देलं. चारी कोपऱ्यायले हात जोडले. माह्यं घर त्याच दिवशी झालं. पूजा दादासाठी पाह्यजे होती."

"आणि भाऊंना सांगितलं नाहीत?"

"तेव्हा सांगतलं असतं तं म्हनले असते, बँकेच्या ओट्यावर दूध काऊन सांडलं?" त्यांनी लुगडं मांडीवर ठेवलं. "अन् आता तुम्हीही सांगू नका. एवढी सालं मानूस एका गोष्टीसाठी राबला. त्यायले वाटू द्या, घर त्यायनं देलं म्हनून."

मी बाहेर आले तर गुलाबराव उठून उभे राहिले होते, शाळेत निकालाच्या दिवशी पालक उभे राहतात तसे. वहिनी दमल्यात, नंतर विचारते, असं सांगून मी घरी आले. आता ते दर दोन-चार दिवसांनी कुंपणाशी येतात आणि सगळ्या कॉलनीत फक्त मलाच ऐकू येईल अशा आवाजात विचारतात, "मॅडम, काही म्हनली का ती?"

मी म्हणते, "विचारते भाऊ, विचारते."