छगनमामांचा डावा पाय

छगन गुंजाळ यांचा डावा पाय ठणठणीत होता. तो सुजला होता फक्त लिडियाच्या कॉम्प्युटरमध्ये. प्रत्यक्षात सुजला होता उजवा.

लिडिया संगमनेरच्या एका दवाखान्यात कोड लावायचं काम करी. डॉक्टर कागदावर आजार लिहीत आणि लिडिया त्या आजाराचा अक्षरं-आकड्यांचा कोड शोधून विमा कंपनीला पाठवी. छगनमामांचं प्रकरण मुळातच किचकट. अंगावर जुना सोरायसिस, त्यापायी रक्तात युरिक अॅसिड वाढलेलं, आणि ते जाऊन बसलेलं पायाच्या अंगठ्यात. म्हणजे दुसऱ्या आजारातून उपजलेला जुनाट गाऊट. नियमानं आधी मूळ आजाराचा कोड, मग गाऊटचा, आणि गाऊटच्या कोडात पायाची बाजू सांगणारा एक आकडा. एक म्हणजे उजवा, दोन म्हणजे डावा.

लिडियानं सगळं चोख केलं, पण डॉक्टरांनी बाजूच लिहिली नव्हती. विचारायला जावं तर डॉक्टर खेकसणार. छगनमामा सहीसाठी तिच्या समोरच बसले होते. तिनं मान वर केली, सुजलेला पाय तिच्या डाव्या हाताला दिसला आणि तिनं बिनधास्त दोन टाकला. समोर बसलेल्या माणसाचं डावं-उजवं उलटं दिसतं हे बालवाडीतल्या पोरालाही कळतं. पण लिडियानं अकरा महिन्यांत कागद सोडून माणसाकडे पहिल्यांदाच पाहिलं होतं, सवय नव्हती बिचारीला.

हे अकरा महिने महत्त्वाचे. बारावा भरला की ती कायम होणार होती. व्यवस्थापक मालनबाईंनी पहिल्याच दिवशी बजावलं होतं, "वर्षभरात एक जरी क्लेम कोडाच्या चुकीनं परत आला, तर कायमची ऑर्डर विसरायची."

आणि शुक्रवारी विमा कंपनीचा मेल आला. एक्स-रे उजव्या पायाचा, कोड डाव्याचा. आमचे तपासनीस मंगळवारी रुग्णाच्या घरी येऊन पाय पाहतील.

संध्याकाळी लिडिया स्कूटीवरून थेट छगनमामांच्या वस्तीवर गेली. मामा ओट्यावर बसले होते, त्यांच्या बायको बनुबाई शेंगा निवडत होत्या. लिडियानं सगळं सांगून टाकलं.

"एवडंच ना?" मामा म्हणाले. "आवो ताई, मंगळवारी डावा पाय लंगडतो की! त्यात काय!"

"नको मामा, ते खोटं होईल."

"खोटं कसं? पाय माजाच हाय!"

लिडियानं नको म्हटलं खरं, पण त्या 'नको'त काही जोर नव्हता. मामा तर उठलेसुद्धा. ओट्यापासून गोठ्यापर्यंत डावा पाय ओढत गेले, फार झकास. गोठ्याला वळसा घालून परतले ते उजवा पाय ओढत.

"जाताना डावा, येताना उजवा!" बनुबाई म्हणाल्या. "त्या सायबानं तुमाला एकाच बाजूला चालवलं तर बरं."

मामांनी पुन्हा फेरी मारली. डावा लंगडायचा म्हणजे सगळा भार दुखऱ्या उजव्यावर. चौथ्या पावलाला ते "आई गं!" करून खाली बसले. लिडियाला पुढचं बघवेना, ती तशीच निघाली.

रविवारी चर्चमध्ये पापकबुलीची प्रार्थना म्हणताना लिडियाला मामांचा पायच दिसत राहिला. सोमवारी सकाळी तिनं मनाचा हिय्या केला, उजव्या पायाचा दुरुस्त कोड स्वतःच्या सहीनिशी कंपनीला पाठवला आणि मालनबाईंसमोर जाऊन चूक कबूल केली.

"उद्याची तपासणी होऊ दे," मालनबाई फाईलमधून डोकं वर न काढता म्हणाल्या. "मग बघते तुझ्याकडं."

मंगळवारी तपासनीस ओंकार आला. त्याच्याबरोबर लिडियाही वस्तीवर पोचली. आदल्या दिवसापासून मामांचा फोन लागत नव्हता, त्यामुळे खरं सांगायचं ठरलंय हे त्यांना कळवायचं राहिलं होतं. मामा बाजेवर आडवे होते आणि उशीवर ठेवलेला होता डावा पाय.

"कुठला पाय दुखतो, बाबा?" ओंकारनं विचारलं.

"ह्यो. डावा."

"मामा, उजवा!" लिडिया कुजबुजली. "मी खरं कळवलंय. आता नाटक नको!"

"कसलं नाटक, ताई? जीव चाललाय माजा!"

ओंकारनं त्या अंगठ्याला नुसतं बोट लावलं. मामांनी अशी बोंब ठोकली की ओट्याखालच्या कोंबड्या थेट उकिरड्यावर जाऊन थांबल्या. अंगठा बिटासारखा लाल होता. असं नाटक कुणाला जमत नाही.

ओंकारनं कागद पाहिले. "पहिला कोड डावा. काल दुरुस्ती आली, उजवा. आज बघतो तर डावा. तुम्ही दोघं ठरवून घ्या, तोवर मी चहा पितो."

"सांगा की सायबाला!" बनुबाई कडाडल्या. "शनवारी काय गिळलं ते सांगा!"

मामांनी छताकडे पाहिलं. "लंगडायचं काय जमंना. डाक्टर म्हनले हुते, मटन-कलेजी खाल्ली की अंगठा सुजतो. म्हनलं, खरंच सुजू दे. निदान ताईंची नोकरी तरी वाचंल."

"म्हणून बहिणीकडं जाऊन दोन ताटं हानली! कलेजी येगळी!"

"पण नेमका डावाच कसा सुजला?" ओंकारनं न राहवून विचारलं.

"दोन रात्री डावा पाय बाजंखाली लोंबकळत ठिवला," मामा म्हणाले. "सुजंला वाट कळावी म्हनून."

लिडियाला हसावं की रडावं कळेना. आपल्या एका आकड्यासाठी या माणसानं पाय सुजवून घेतला, या विचारानं तिला भरून आलं. डोळे पुसून तिनं ओंकारला पहिल्यापासून सगळं सांगितलं, मामांनी लंगडायचा केलेला सरावसुद्धा. ओंकारनं मामांचा उजवा पाय हातात घेऊन पाहिला. अंगठ्याचा सांधा अजून जाड होता. त्यानं लिहिलं, 'दुरुस्ती बरोबर. डावा पाय नव्यानं सुजला असून त्याचा या क्लेमशी संबंध नाही.' मग सही करून तो इतका हसला की चहा बशीत सांडला.

दुसऱ्या दिवशी मालनबाईंनी लिडियाला बोलावलं.

"क्लेम परत आला का?"

"नाही. मंजूर झाला."

"मी परत आला तर म्हटलं होतं." मालनबाईंनी कायमची ऑर्डर पुढं सरकवली. "ओंकार इथं येऊन हसून गेलाय. पुन्हा चूक झाली तर लंगडायला माणूस शोधण्याआधी माझ्याकडं ये."

संध्याकाळी लिडिया पेढे घेऊन वस्तीवर गेली. मामांच्या पुढ्यात उकडलेल्या दुधीची वाटी होती आणि चेहराही तसाच होता.

"ताई, नोकरी ऱ्हायली?"

"कायम झाले, मामा."

"देव पावला!" मामांचा चेहरा खुलला. बनुबाई पेढ्यांचा पुडा घेऊन आत गेल्या. मामांनी दाराकडे एकदा नीट पाहून घेतलं आणि लिडियाला जवळ बोलावलं.

"ताई, फुडं कदी चुकलात तर लाजू नका," ते हळूच म्हणाले. "उजवा आता मोकळाच हाय."