विसाबाहेरचं दही

वालूरकर सर कुणाच्याही घरी पहिल्यांदा गेले, की पाणी नको म्हणायचे, चहा नको म्हणायचे आणि चमचाभर दही मागायचे. तेही खायला नाही. खिशातून कापसाचा बोळा लावलेली काचेची नळी निघायची, दही तिच्यात जायचं, बोळा परत बसायचा आणि वर चिठ्ठी चिकटायची. चिठ्ठीवर त्या घरच्या बाईचं नाव. पुरुषाचं कधीच नाही. "विरजण बाई लावती, नाव त्याचं कशाला?" असा त्यांचा सवाल.

परभणीत त्यामुळे त्यांच्याबद्दल नाना समज होते. कुणी म्हणे भेसळ पकडणारा माणूस आहे, कुणी म्हणे मंत्रतंत्र करतो. आमच्या गल्लीतल्या एका काकूंनी तर सर फाटकाशी दिसताच दह्याचं भांडं पलंगाखाली सरकवलं होतं. त्यातून सरांचा अंगठा आणि दोन बोटं बारा महिने जांभळी. निवडणूक नसतानाही हा गृहस्थ नुकतंच मतदान करून आल्यासारखा दिसायचा. अंगाला प्रयोगशाळेतल्या ब्युटेनॉल या द्रावकाचा उग्र वास इतका मुरलेला, की बसमध्ये शेजारची जागा रिकामीच राहायची. सर म्हणायचे, "ऐसपैस बसायला मिळतंय. खैर हाय."

ते आमच्या कॉलेजात रसायनशास्त्राचे प्राध्यापक. मी त्यांच्या हाताखाली डेमॉन्स्ट्रेटर, पंचविशीतला. आज पन्नाशी ओलांडल्यावर हे लिहितो आहे, कारण त्यांच्याबद्दल हसत हसत सांगण्यासारखं मी आजवर पुष्कळ सांगितलं. जे सांगायला हवं होतं तेवढंच टाळलं.

आधी त्यांचं वेड सांगतो. "पाठक," ते म्हणायचे, "जगातली सगळी प्रथिनं वीस मण्यांतून ओवलेली हायेत. माणूस घ्या, म्हैस घ्या, हरभरा घ्या. मणी वीसच. पण कुठं कुठं, बारक्या बारक्या साखळ्यांत, एखादा मणी त्या विसातला नसतो." मणी म्हणजे अमिनो आम्लं आणि बारकी साखळी म्हणजे पेप्टाइड, हे विद्यार्थ्यांना ते नंतर सांगायचे. कुठल्या जिवाणूत उलट्या हाताचा मणी असतो, कुठल्या विषारी भूछत्रात जादा ऑक्सिजन चिकटलेला असतो. आणि दुधातल्या एका जिवाणूच्या साखळीत दोन मणी मध्ये गंधकाची गाठ मारून बांधलेले सापडले आहेत, असं त्यांनी कुठल्याशा परदेशी मासिकात वाचलं होतं. ओवताना मणी साधेच. ओवून झाल्यावर बदलतात. "लग्न झाल्यावर माणूस बदलतो म्हणतात, तसं. आपल्याला काय अनुभव न्हाई," असं म्हणून ते स्वतःच हसायचे. सर एकटे होते.

परदेशातल्या दुधात असं काही निघतं, तर आपल्याकडच्या दह्यात का निघू नये? एवढ्या एका प्रश्नावर या माणसानं अर्धा जिल्हा पालथा घातला.

हळूहळू सगळं जगच त्यांनी दोन ढिगांत वाटून टाकलं. विसातलं आणि विसाबाहेरचं. आमचे प्राचार्य विसातले. स्टेशनसमोरचा एक घड्याळजी विसाबाहेरचा, कारण तो गिऱ्हाइकाला "घड्याळ बरोबर हाय, तुमीच उशिरा चालायलेत" असं सांगून परत पाठवायचा. माझ्यासाठी मुलगी पाहायला गेलो तेव्हा आईनं मोठ्या विश्वासानं सरांना सोबत घेतलं. परत येताना आईनं विचारलं, "कशी वाटली मुलगी?" सर म्हणाले, "विसातली हाय, काकू. करून टाका. विसाबाहेरचे लय तरास देतात." लग्नानंतर बायकोनं हे ऐकलं आणि दोन वर्षं त्यांच्यापुढे चहाशिवाय काही ठेवलं नाही.

तर असा हा माणूस एका शनिवारी पोखर्णीला नृसिंहाच्या दर्शनाला गेला आणि देवळाजवळच्या एका शेतकऱ्याच्या घरी शिरला. घरात गयामावशी. सरांनी नेहमीप्रमाणे चमचा मागितला. पुढचं त्यांच्याच तोंडून मी दहा वेळा ऐकलं आहे.

"चमच्यानं काय व्हतंय, मास्तर? वाटीभर घ्या."

"चमचाच पुरे, मावशी. तपासायचंय."

"तपासायला त्याला काय रोग झालाय?"

मावशीचं दही आठ-आठ दिवस नासत नव्हतं आणि भलतं आंबतही नव्हतं. त्यांच्या सासूनं दिलेलं विरजण, तेच पुढं चालत आलेलं. सरांनी नळी कॉलेजात आणली. दह्याचं पाणी आम्लात घालून नळी बंद करायची, चोवीस तास भट्टीत ठेवायची, म्हणजे साखळी तुटून मणी सुटे होतात. मग त्याचा थेंब गाळणकागदावर. कागद बरणीत टांगला की द्रावण वर चढतं आणि एकेक मणी आपापल्या ठरलेल्या जागी जाऊन बसतो, आठवडी बाजारात माळणी बसतात तसा. शेवटी निनहायड्रिन फवारून कागद शेकायचा, की जागोजाग जांभळे ठिपके उठतात.

त्या दिवशी खाली, कुणाचीच जागा नव्हती तिथे, एक ठिपका उठला.

सर ओरडले नाहीत, नाचले नाहीत. त्यांनी मला नुसतं कोपराला धरून आणलं आणि हळूच विचारलं, "पाठक, हा कोण?" दारात अनोळखी माणूस उभा असल्यासारखं.

त्यांनी तीनदा प्रयोग केला. तिन्ही वेळा ठिपका. मग एका मोठ्या शहरातल्या मोठ्या प्रयोगशाळेला पत्र गेलं. तिकडून उत्तर आलं, नमुना पाठवा. तोवर इकडे गयामावशीच्या मुलांच्या वाटण्या झाल्या, म्हैस विकली गेली आणि मावशी पूर्णेला लेकीकडे, रेल्वेच्या क्वार्टरमध्ये राहायला गेल्या. म्हणजे त्यांचं विरजण आता जगात एकाच ठिकाणी जिवंत होतं: सरांच्या खोलीतल्या एका स्टीलच्या डब्यात. ते रोज संध्याकाळी कोमट दुधात चमचाभर दही घालायचे आणि डब्याला फडकं गुंडाळायचे. दोन ठिकाणी का ठेवत नाही, असं मी एकदा विचारलं. "दोन ठिकाणी ठेवलं की दोन्हीकडं बेफिकिरी होती," म्हणाले.

आणि नमुना पाठवायच्या आतच त्यांच्या गावी, वालूरला, त्यांची बहीण आजारी पडली.

जाताना त्यांनी डबा माझ्या हातात दिला. "दोन दिवसांत येतो. रोज सांजच्याला दूध, एक चमचा. चाखायचं बिलकुल न्हाई."

ते गेले आणि दुसऱ्याच दिवशी सगळं बंद झालं. विद्यापीठाच्या नामांतराच्या ठरावानंतरचे ते दिवस होते. एसटी बंद, बाजार बंद, कॉलेज बंद. गावोगाव दलितांची घरं जाळली जात होती, आणि आमच्यासारख्या घरांत दारं लावून फक्त भाजी मिळत नाही याची चर्चा चालली होती. हेही खरंखुरं लिहायचं तर लिहिलंच पाहिजे. बायको माहेरी होती आणि आमच्याकडे माझ्या सख्ख्या मावशीची मंडळी अडकून पडली होती. सहा पाहुणे. पाचव्या दिवशी दुपारी मी शेजारी पत्ते खेळून आलो, तर सगळे जेवून ढेकर देत बसलेले.

"काय केलं होतं?" मी विचारलं.

"काय करणार, डोंबल?" आई म्हणाली. "घरात कांदासुद्धा नव्हता. खिडकीत तुझ्या डब्यात दही होतं, त्याची कढी केली. तुझ्यासाठी ठेवलीय वाटीभर."

डबा राखेनं घासून मोरीत पालथा घातलेला होता. चकचकीत. विरजणापुरतंसुद्धा काही उरलं नव्हतं. दोष आईचा नव्हता. ते दही कशाचं आहे हे मी तिला सांगितलंच नव्हतं. सांगण्याइतकं मला ते मोठं वाटत नव्हतं, हे खरं कारण.

मी काय केलं? ती वाटीभर कढी खाल्ली. मग शेजारच्या काकूंकडून दही आणलं, डब्यात घातलं आणि फडकं गुंडाळलं.

बाराव्या दिवशी सर आले. डबा उघडून बघितला, म्हणाले, "शाब्बास, पाठक."

तिथेच बोललो असतो तर एवढंच झालं असतं की सर चिडले असते. मी उद्या सांगू म्हटलं. उद्याचं परवा झालं.

ठिपका परत उठला नाही. सरांनी द्रावण बदललं, कागद बदलला, आम्ल नवं मागवलं. आठ महिने. मोठ्या प्रयोगशाळेला नमुना गेला आणि तिकडून चार ओळी आल्या: नेहमीचीच अमिनो आम्लं आढळली, पूर्वीचा ठिपका हाताच्या घामामुळे आला असावा. जुन्या तीन कागदांवरचे ठिपके तोवर उडून गेले होते. निनहायड्रिनचा रंग टिकत नाही. पुरावा म्हणून दाखवायला सरांकडे तीन पिवळट कागद राहिले.

त्यांनी दावा मागे घेणारं पत्र लिहिलं. इंग्रजी अक्षर माझं चांगलं, म्हणून मला बसवलं. "लिहा," म्हणाले, "चूक माझ्या हाताची हाय. घामट हात." मी लिहिलं. खाली त्यांनी सही केली.

त्यानंतर त्यांनी दही मागणं सोडलं. गाळणकागदाला स्वतः हात लावणंही सोडलं. विद्यार्थ्यांना प्रयोग दाखवायचा असला की मला हाक मारायचे. "तुमी धरा, पाठक. तुमचे हात साफ हायेत."

हे वाक्य मी पंधरा वर्षं ऐकलं.

स्टाफरूममध्ये त्यांचं नाव 'एकविसावे' पडलं होतं. कुणी डबा उघडला की दुसरा ओरडायचा, "एकविसावे आले, दही झाका!" सगळे हसायचे. मीही हसायचो. न हसलो तर कुणी कारण विचारील, अशी मला भीती होती. तेव्हा तेवढा भित्रा मी होतो, आणि बढती मिळाल्यावर अधिकच झालो.

विद्यापीठाचं नाव अखेर बदललं त्याच वर्षी सर निवृत्त झाले. निरोपसमारंभात एका सहकाऱ्यानं भाषणात त्या ठिपक्याचा किस्सा सांगितला. हशा पिकला. सर हार घालून बसले होते. तेही हसले आणि आपल्या दोन्ही तळव्यांकडे बघत राहिले. ते बघणं माझ्यानं सोसलं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी मी त्यांच्या खोलीवर गेलो आणि उभ्या उभ्या सगळं सांगितलं. डबा, कढी, शेजारचं दही, सगळं.

सर पुस्तकं बांधत होते. सुतळीची गाठ तशीच बोटात धरून ते म्हणाले, "म्हणजे तो होता."

"होता, सर."

"माझ्या हाताचा नव्हता."

"नव्हता."

"पंधरा वर्षं, पाठक?"

त्यांनी गाठ मारली. दुसरा गठ्ठा बांधला. तिसराही बांधला. मला बसायला सांगितलं नाही की जा म्हणाले नाहीत. मग खुंटीवरची टोपी घेतली. "चला. पूर्णेची गाडी मिळंल."

पूर्णेला रेल्वे क्वार्टरच्या ओट्यावर गयामावशी बसल्या होत्या. ऐंशीच्या घरात, डोळ्यांनी अधू. आम्ही जवळ जाताच त्यांनी मान वर केली.

"कोण? तपासणीवाले मास्तर का?"

"हो, मावशी."

"अवंदा दिवाळीच्या आधीच कसे काय आले? तपासणी चालूच हाय का अजून?"

मी त्यांच्या लेकीकडे पाहिलं. ती पाण्याचा तांब्या घेऊन आली होती. ती मला हळूच म्हणाली, "दर दिवाळीला येतेत. दही अजून तपासायलो म्हणतेत. आई साऱ्या लाइनीत सांगती, माझं दही मोठ्या शहराला गेलंय म्हणून. तिला तेवढंच हाय बघा."

चूक झाली म्हणून सरांनी सगळ्या जगाला लिहून दिलं होतं. या एका बाईला मात्र सांगितलं नव्हतं.

सर ओट्यावर मावशींजवळ बसले. "संपली, मावशी. आज संपली तपासणी."

"मंग?"

"तुमच्या दह्यात होतं. बाकी कुणाच्याच दह्यात नव्हतं असं."

"मला काय ठावं नव्हतं व्हय?" मावशी म्हणाल्या. मग लेकीकडे वळल्या, "ऐकलंस का? आन् तुजी सासू नावं ठेवायची." पुन्हा सरांकडे तोंड करून म्हणाल्या, "तुमी खाल्लं का कधी?"

"न्हाई, मावशी. मी सगळं नळीत घातलं." सरांनी माझ्याकडे बोट केलं. "ह्यांच्या घरी खाल्लं. सगळ्यांनी."

मावशींनी हात लांब केला. मी त्यांच्यासमोर बसलो, तर त्यांनी माझं मनगट पकडलं. "कसं व्हतं, बाबा?"

इतक्या वर्षांत मला हे कुणी विचारलं नव्हतं, आणि मीही स्वतःला विचारलं नव्हतं. "कढी केली होती," मी म्हणालो. "गोडसर होती. आंबट अजिबात नव्हती."

"कढी!" मावशी हसल्या. "माणसं किती व्हती जेवायला?"

"पाहुणे सहा, आई आणि वडील."

"पंगत बसली होती का?" हे सरांनी विचारलं. त्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली होती आणि डोळे मिटून घेतले होते. "सगळं सांगा, पाठक. कोण कुठं बसलं होतं?"

मी शेजारी पत्ते खेळत होतो, हे त्यांना माहीत होतं. सकाळीच सांगितलं होतं. तरी मी सांगू लागलो, आईनं नंतर जे जे सांगितलं होतं ते. वडील भिंतीशी बसले होते, पाहुणे दाराकडून ओळीनं, आईनं कढीचं पातेलं मध्ये ठेवलं होतं आणि भात कमी पडेल म्हणून आधी कढीच वाढली होती.

"मग?" सरांनी डोळे न उघडता विचारलं. "दुसऱ्यांदा कुणी मागितली?"

"सगळ्यांनी, सर," मी म्हणालो. "सगळ्यांनीच मागितली."