चूक राखून ठेवणारे नरूकाका

आमच्या शेजारचे नरूकाका पंगतीत जिलेबीला नको म्हणतात, तेही ‘हक्क राखून’. वाढपी पुढे सरकला की मागून ओरडतात, "आता नको म्हटलंय, पुढल्या फेरीला मागायचा हक्क राखून हां!" माझ्याशी भांडून उठले तरी दारातून सांगणार, "जातो. पन परत येऊन भांडायचा हक्क राखून."

हे खूळ कोर्टातून आलं. बेटेगावच्या वाडीत धाकट्या भावानं, वसंतानं, विहिरीच्या वाटेवर कुंपण घातलं. काकांनी दावा ठोकला. अकरा वर्षं झाली. बोलणं बंद, वसंता बोईसरला मुलाकडे राहायला गेला. भेट फक्त पालघरच्या कोर्टात, तारखेला, अकराच्या पुकाऱ्याला.

आणि ती भेट तरी कसली! इस्त्रीचा शर्ट घालून काका सुक्या बोंबील-वांग्याचे दोन डबे घेऊन माझ्या स्कूटरवरून जायचे. एक डबा मुकाट बाकावरून वसंताकडे सरकवायचे. तो भिंतीकडे तोंड करून खायचा आणि पुढच्या तारखेला डबा घासून आणायचा.

"अहो, प्रतिवादीला डबा कसला देता?" मी एकदा चिडून विचारलं.

"भांडन वाटेचं हाय. त्यानं उपाशी का ऱ्हावं?"

गेल्या हिवाळ्यात वसंताची एक बाजू लुळी पडली. तरी गडी तारखेला हजर! पायरीपायरीवर बसत जिना चढत होता. काका वर कठड्याला धरून बघत होते. तसेच वळले आणि वकिलांना म्हणाले, "दावा मागं घ्यायचा. आजच."

"काका, असाच मागे घेतलात तर याच कारणासाठी पुन्हा लावता येणार नाही. मुभा हवी तर दाव्यात काहीतरी दोष दाखवावा लागेल."

"हाय की. विहिरीचा गट नंबर चुकलाय."

वकिलांनी कागद चाळले. खरंच चुकला होता.

"हे कधी कळलं तुम्हाला?"

"पयल्याच वर्षी. कामाला येईल म्हनून चूक राखून ठेवलेली."

वकिलांनी कपाळावर हात मारला. नव्यानं दावा लावायची आणि इतर कायदेशीर मार्गांची मुभा ठेवून दावा मागे घेतला गेला. सुटले एकदाचे, असं मला वाटलं.

कसलं काय! महिन्यानं सकाळीच काका दारात. इस्त्रीचा शर्ट, हातात दोन डबे. "स्कूटर काढ. बोईसरला जायचंय."

"आता कशाला? दावा संपला ना?"

"मागं घेतलाय. संपला कुनी सांगितलं?"

वाटेत रेल्वेचं फाटक लागलं, उशीर झाला. वसंता दाराशीच खुर्चीत बसला होता. त्याचाही शर्ट इस्त्रीचा, मांडीवर घासलेला डबा. भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत, जड जिभेनं, अकरा वर्षांत पहिल्यांदा तो भावाशी बोलला.

"अकराला पुकारा असतो, दादा. कवाचा बसलोय."

काका खाली बसले, डबा उघडला, काटे काढून पहिला घास वसंताच्या तोंडात दिला.

"पुढल्या तारखेला लवकर येतो रे," ते म्हणाले. ‘हक्क राखून’ म्हणायचं मात्र विसरले.