शेळीने काढलेला सिनेमा

शिवशंकरने साडूकडून लग्नाच्या शूटिंगचा कॅमेरा दोन दिवसांसाठी मागून आणला, तेव्हा त्याच्या मनात एवढंच होतं, की एक सिनेमा काढायचा. तो हट्टा गावच्या शाळेतला साधा क्लार्क असला, तरी त्याचे सिनेमाचे नियम कडक होते. गोष्ट नको, गाणी नकोत, नट तर नकोतच. माणसाच्या नजरेतून जग सगळ्यांनीच दाखवलं; तो शेळीच्या नजरेतून दाखवणार होता. (शेळीला विचारलं नव्हतं.)

शेळी घरचीच, नाव चांदी. गल्लीतल्या सगळ्या शेळ्या म्हातारा ज्ञानबा रोज माळावर नेई. संध्याकाळी वेशीत आल्या की त्या आपापल्या घरी सुटत. पण पंधरा दिवसांपासून चांदी रिकाम्या कासेनं येत होती.

"ज्ञानबा माळावरच पिळून राहिला," शिवशंकरची बायको साधना हिने निकाल दिला. "सोमवारपासून शेळी देणार न्हाई मी."

शेजारची मंजुळाबाईही आपल्या शेळ्या काढून घेणार होती. ज्ञानबाचं पोट त्या शेळ्यांवरच. शिवशंकरने कॅमेऱ्याची काच पुसायला घेतली. (कलावंताने घरगुती भांडणात पडू नये.)

शनिवारी संध्याकाळी माळावर जाऊन त्याने कॅमेरा चांदीच्या शिंगांमध्ये रुमालाने बांधला.

"चष्मा लागला का हिला?" ज्ञानबाने विचारलं.

शिवशंकरने बटण दाबलं आणि तो चांदीच्या मागे चालू लागला. काही कापायचं नाही, आधी बघायचंही नाही. दिग्दर्शकाने आपला सिनेमा पहिल्यांदा प्रेक्षकांबरोबरच बघावा, हा त्याचा शेवटचा नियम.

रविवारी अंगणात टीव्ही मांडला. गल्ली जमली. ज्ञानबाही कोपऱ्यात बसला. गवत आलं, धूळ आली, पुन्हा गवत आलं.

"काहून हलून राहिलं हो?" मंजुळाबाई म्हणाली.

"प्रयोग आहे."

"मला तर मळमळून राहिलं."

मग वेस मागे पडली, घराच्या वाटेवरची शाळेमागची चिंच आली आणि चित्र एका जागी थांबलं. शिवशंकरला एकदम आठवलं. काल चिंचेखाली पोचल्यावर त्याचे हात रोजच्या सवयीने रोजच्या कामाला लागले होते. कॅमेरा चालू आहे, हे तो साफ विसरला होता.

तेवढ्यात चांदीने मान वळवून मागे पाहिलं.

पडद्यावर शिवशंकर उकिडवा बसला होता. डोळे मिटलेले, तोंड उघडं, आणि दुधाची धार थेट तोंडात. सगळ्या सिनेमात एवढंच चित्र स्वच्छ आलं होतं.

"बंद करतो, बॅटरी..." शिवशंकर उठला.

"बसा खाली," साधना म्हणाली. "आता कुठं पिच्चर सुरू झाला."

हसून हसून मंजुळाबाईची मळमळ थांबली. साधना मात्र उठून ज्ञानबापाशी गेली. "मामा, माझं चुकलं. तुमच्यावर खोटा आळ घेतला."

ज्ञानबाने डोळे पुसले. "जाऊ दे बाई. पण तेवढं चिंचेखालचं पुन्हा दाव."

ते तीनदा दाखवावं लागलं.

सोमवारी सकाळी ज्ञानबा दारात आला. साधनाने चांदीचं दावं त्याच्या हातात दिलं आणि नवऱ्याकडे बोट केलं. "मामा, ह्यांनाबी घेऊन जा माळावर."

ज्ञानबाने शिवशंकरला खालून वरपर्यंत नीट पारखलं.

"न्हाई बाई," तो म्हणाला. "शेळी आपल्या पायानं घरी येते. ह्यांला वळायला एक माणूस निराळा लागंल."