समान गैरसोय

शिंपीणबाईंचं मागणं अगदी साधं होतं. लेकीच्या ताब्याचा दावा नवऱ्याने त्याच्या शहरात लावला होता. तो बाईंच्या गावच्या कौटुंबिक न्यायालयात वर्ग व्हावा, एवढंच. मध्ये बसचा बारा तासांचा रस्ता आणि पदरात सहा वर्षांची ठमी, तिला बस लागते. मात्र असा अर्ज ऐकणारं वरचं न्यायालय नवऱ्याच्याच शहरात बसत असे, त्यामुळे 'येणं जमत नाही' हे सांगायला यावंच लागे.

बाई आल्या. वाटेत ठमीला तीनदा उलटी झाली.

"इतक्या लांब येणं जमत नाही म्हणता?" न्यायाधीशसाहेबांनी विचारलं.

"नाही जमत, साहेब."

"मग आज कशा आलात?"

बाईंची हजेरी हाच त्यांच्या अर्जाविरुद्धचा सबळ पुरावा ठरला. पुढच्या तारखेला वकिलांच्या सल्ल्याने त्या घरीच राहिल्या. नोंद झाली: 'अर्जदार गैरहजर. गैरसोय सांगण्यास कोणीही नाही.'

तिसऱ्या तारखेला बाई पुन्हा आल्या, तर नवऱ्याने तक्रार केली, की बाईंच्या गावी जायला त्यालाही बाराच तास लागतात. साहेब न्यायप्रिय होते. त्यांनी नकाशा मागवला, शिपायाने पट्टी लावली आणि दावा बरोबर मधोमधच्या गावी वर्ग झाला. तिथे दोघांच्याही ओळखीचं काळं कुत्रंसुद्धा नव्हतं. आदेशात लिहिलं होतं, 'उभय पक्षांची गैरसोय समान असल्याने कोणावरही अन्याय होत नाही.' शिवाय दावा मुलीबद्दल असल्याने मुलगीही त्याच हद्दीत हवी. सबब निकालापर्यंत तिने तिथल्या वसतिगृहात राहावं.

"नको!" नवरा-बायको एकदम ओरडले. दोन वर्षांत पहिल्यांदाच त्यांचं एकमत झालं होतं.

"साहेब, मी दावाच मागे घेतो," नवरा हात जोडून म्हणाला. "पोरगी आईकडे राहू दे."

"कुठला दावा? तो आता इथे नाही. तिकडच्या न्यायालयात अर्ज करा."

"तिकडे कुठे आहे न्यायालय?"

"मंजूर झालंय," कारकून म्हणाला. "इमारत तेवढी व्हायचीय."

ठमी वसतिगृहात गेली. भेटायची परवानगी फक्त तारखेच्या दिवशी, आणि तारीख इमारत उभी राहिल्यावर. बाई परतल्या त्या दिवशी दुकानात गिऱ्हाइकांची गर्दी होती. आपणही त्यात होतो.

"पोरगी नवऱ्याला नाही ना दिली?" कुणीतरी विचारलं.

"नाही."

"मग जिंकलीस की गं!"

बाईंनी गणवेशाचं कापड मशीनवर पसरलं. वर्ष उलटलं तसं पुन्हा पसरलं, या वेळी ठमीच्या गणवेशासाठी. गावभरच्या अंगांची मापं त्यांच्या वहीत होती, फक्त ठमीचं माप जुनं झालं होतं. हातात खडू धरून त्यांनी आपल्या सगळ्यांना विचारलं, "सहा वर्षांची पोर वर्षभरात किती वाढते हो?"

"वाढत्या अंगाचा शिवा ना," आपण म्हणालो, आणि आपापल्या मापाचे कपडे घेऊन घरी आलो.