कोर्टात व्हय म्हाराजा

मुलांनो, अशी कल्पना करा की तुमच्या घरात समुद्राची गाज ऐकू येते. पण समुद्रावर जायची वाट शेजाऱ्याच्या माडांतून जाते आणि त्या शेजाऱ्याने मध्येच फाटक ठोकून कुलूप लावलंय! देवबागच्या नर्मदाकाकूंचं हेच झालं. त्यांच्याकडे पर्यटक राहायला यायचे. वाट बंद झाली तसे तेही येईनासे झाले. काकू शेजारच्या दाजींविरुद्ध कोर्टात गेल्या.

"माझो माड काय तुझ्या पावण्यांचो पाळणो आसा?" दाजी गरजायचे. कोणा पाहुण्याने त्यांच्या कोवळ्या माडाला झोपाळा बांधला होता!

शेवटी दोघंही दमली. फाटक काढायचं, माडांना काही बांधायचं नाही, असं ठरलं. असं ठरलेलं लिहून कोर्टात दिलं, की न्यायाधीश दोघांना विचारतात, खात्री करतात, आणि मग तोच कोर्टाचा निकाल होतो. त्याला तडजोडीचा हुकूमनामा म्हणतात.

"पण ही दोघं तिथेही भांडतील," काकूंचे वकील म्हणाले.

"माझ्यावर सोडा!" मी म्हणालो. जन्मभर पोरांकडून पाढे घोकून घेतलेला मी मास्तर! दोन म्हाताऱ्यांना एक 'हो' शिकवणं म्हणजे काय मोठंसं!

कसलं काय! कागद उघडला की दोघं झुंजीच्या कोंबड्यांसारखी फुरफुरत. मग मी युक्ती काढली. आमच्या देवळात गाऱ्हाणं घालतात तेव्हा एक जण मागणं म्हणतो आणि सगळे ओरडतात, "व्हय म्हाराजा!" मध्ये विचार कोणीच करत नाही! मी कलमं त्याच चालीत म्हटली. दोघं झटक्यात पास! बघायला जमलेली वाडीसुद्धा पास!

तारखेला ती अख्खी वाडी मालवणच्या कोर्टात हजर. न्यायाधीशांचा आवाज खणखणीत, आणि प्रत्येक कलमानंतर थांबायची सवय.

"फाटक कायमचं काढावं..."

"व्हय म्हाराजा!" छतावरची कबुतरं उडाली.

"माडांना काही बांधू नये..."

"व्हय म्हाराजा!" यात दाजींचे वकीलही होते.

मी मिशीत हसत होतो. एवढ्यात न्यायाधीशसाहेबांनी विचारलं, "तुमच्यावर कोणी जबरदस्ती केली आहे का?"

"व्हय म्हाराजा!"

साहेबांनी चष्मा काढला. "धमकी दिली?"

"व्हय म्हाराजा!"

"कोणी?"

सगळी बोटं माझ्याकडे! "गुरुजींनी शिकवल्यानी!"

"जबरदस्तीची तडजोड मला नोंदवता येणार नाही. दावा पुढे चालेल," साहेब म्हणाले. काकूंचा चेहरा पडला. म्हणजे पर्यटकांचा हाही हंगाम गेला! साहेब माझ्याकडे वळले. "तुम्ही यांना धमकावलंत?"

मी ठामपणे 'नाही' म्हणायला तोंड उघडलं आणि म्हणालो, "व्हय म्हाराजा!"

तेवढ्यात काकूंची नात अक्षया बाकावर चढली. "साहेब, सगळ्यांका भायर काढून एकेकाक इचारा! एकटो माणूस तसा म्हणना नाय!"

साहेबांनी सगळ्यांना बाहेर काढलं आणि आधी दाजींना आत घेतलं. दारातून ऐकू आलं, "जबरदस्ती? माझ्यावर? माका कोण जबरदस्ती करतलो?" मागून काकू गेल्या. त्याही राजीखुशीने 'हो' म्हणाल्या. सह्या झाल्या, सगळ्यांना परत आत बोलावलं.

"तडजोडीप्रमाणे हुकूमनामा केला," साहेबांनी जाहीर केलं.

"व्हय म्हाराजा!"

साहेबांनी कपाळाला हात लावला. "आता काही राहिलं का?"

अक्षया सरळ त्यांच्या टेबलापाशी गेली, डाव्या तळव्यावर उजवा तळवा ठेवून पुढे केला आणि म्हणाली, "परसाद?"