मुकादम कुणाच्या माहेरचा?

चामटोलीच्या त्या घरात काहीही बिघडलं की ते गोजरबाईच्या माहेरून, म्हणजे वांगणीहून आलेलं असे. दूध नासलं, वांगणीचा हात लागला. म्हैस आटली, वांगणीचा पायगुण! गोजरबाईला स्वतःला सून यायची वेळ झाली, तरी सासू कौसाबाईंचा पाढा काही बदलला नव्हता.

त्यातच तिच्या थोरल्या मुलाचे, नाथाचे गुडघे सुजू लागले. सकाळी उठताना कंबर लाकडासारखी ताठ, मधूनच डोळे लालभडक. उल्हासनगरच्या कॅम्प एकमध्ये फर्निचरच्या दुकानात तो कामाला होता, पण कपाट उचलणं दूरच, स्टुलावर बसला तर उठवायला माणूस लागे. कौसाबाईंना तर आयतंच कोलीत मिळालं.

"बग, आईचेबी गुडगे दुखतात, पोराचेबी दुखतात. कुटून आलं हे?" असं म्हणून त्या आपली दहा बोटं सगळ्यांसमोर नाचवत. सत्तरी उलटली तरी बोटं कोवळ्या भेंडीसारखी सरळ. "माज्या माहेरी, शिरगावच्या घराण्यात असली कीड नाय!"

गोजरबाईचा नवरा हिंदुराव अशा वेळी गोठ्यात जाई. आणि खोटं कशाला बोला, ऐकून ऐकून गोजरबाईलाही ते पटायला लागलं होतं. आपल्याच पोटातून पोराला हे दुखणं गेलं, या विचाराने तिला घास गोड लागत नव्हता.

शेवटी दुकानाच्या शेठनेच नाथाला मुंबईच्या मोठ्या हॉस्पिटलात धाडलं. तिथल्या डॉक्टर कुंदा याच दुखण्यावर संशोधन करत होत्या. सत्त्याण्णव सालच्या उन्हाळ्यात एका रविवारी त्या चामटोलीला आल्या आणि ओटीवर बसून त्यांनी समजावून सांगितलं.

"आपल्या शरीरात जीन असतात, आईबापांकडून येतात. त्यातला एक जीन मुकादम बनवतो म्हणा. हा मुकादम स्वतः काही काम करत नाही, दुसऱ्या जीनना कामाला लावतो. जखम झाली की ओरडतो, 'चला, सूज आणा!' काम झालं की त्याने गप्प बसायचं. तुमच्या नाथाचा गप्पच बसत नाही."

"सोता काय करत नाय, दुसऱ्याला कामाला लावतो, आन् गप बसत नाय," गोजरबाईने सासूकडे न बघता मान डोलावली. "समजलं बाई. लगेच समजलं."

"नाथा, आई, वडील आणि आजी, चौघांचं रक्त तपासायला मिळालं तरी पुरे, हे कुणाकडून आलं ते कळेल," डॉक्टर म्हणाल्या.

"चौगांचं?" कौसाबाई कडाडल्या. "आख्खं शिरगाव आनते! होऊन जाऊ दे दूध का दूध!"

पुढच्या रविवारी डॉक्टर येऊन बघतात तो काय, दारात मांडव! कौसाबाईंनी घरोघर जाऊन अक्षता देऊन आमंत्रणं केली होती. शेठच्या टेंपोतून शिरगावची भावंडं, भाचरं उतरली. सत्त्वपरीक्षा म्हणून कौसाबाईंनी सगळ्यांना कडकडीत उपास घडवला होता. त्यामुळे त्यांचा भाऊ महिपती, ज्याच्या मिशांना गाव टरकायचं, तो सुई बघताच आडवा झाला. त्याच्यावर पाणी मारेपर्यंत एका भाच्याने डोळे पांढरे केले.

"अहो, उपाशी कुणी सांगितलं होतं?" डॉक्टर ओरडल्या. मग भज्यांची कढई चढली. रक्ताच्या नळ्या संपल्या, म्हणून नाथाला टेंपोने उल्हासनगरला पिटाळलं. तेवढ्यात भरलेल्या नळ्यांभोवतीचा बर्फ वितळला, तेव्हा त्या दारावर आलेल्या कोळणीच्या बर्फाच्या खोक्यात ठेवाव्या लागल्या.

"आमच्या रगताला म्हावऱ्याचा वास?" कौसाबाई हळहळल्या.

"आजी, टेन्शन मत लो, रक्ताला नाक नसतं," नळ्या घेऊन परतलेला नाथा म्हणाला.

वांगणीहून एकटा गोजरबाईचा भाऊ आला, मुकाट्याने हात पुढे केला, भजी खाऊन गेला.

पाऊसपाणी उलटल्यावर डॉक्टर निकाल घेऊन आल्या. मांडव पुन्हा हजर, शिरगावही हजर.

"एकेकाला आत बोलावून सांगते, मावशी. खाजगी गोष्ट असते."

"आत कशाला? लपवायला हाय काय आमच्याकडं? चारचौगांत सांगा!"

शिरगावकरांनी माना डोलावल्या. डॉक्टरांनी एकेकाला पुन्हा विचारून घेतलं आणि चष्मा नीट केला. "गोजरबाई, बिघडलेला जीन तुमच्यात नाही. तुमच्या भावातही नाही. तुमचे गुडघे वयाने आणि कामाने दुखतात. नाथाला हे वडिलांकडून आलंय."

हिंदुराव कमरेला हात लावून खाली बघू लागला. त्याचीही कंबर धरायची, पण सांगायची सोय कुठे होती! कौसाबाईंनी मात्र झटकन भिंतीवरच्या हार घातलेल्या फोटोकडे बोट दाखवलं. "मालकांच्या घरचं! मी बोललेच व्हते."

"नाही मावशी, तुमच्याकडचं. महिपतीमामा, तुमचे दोन भाचे, एक भाची, सगळ्यांत सापडलं. तुमच्यातही आहे. तुमचा मुकादम जन्मभर झोपून राहिला, एवढंच. आणि आता नेमकं कळलंय, नाथाला योग्य औषध देता येईल."

गोजरबाई पदर तोंडाला लावून हमसून हमसून रडली. इतक्या वर्षांचं ओझं उतरलं होतं, पोराचं दुखणं तिच्या पोटातून आलं नव्हतं. मग तिने डोळे पुसले, मान ताठ केली आणि सासूकडे सरळ बघितलं. कौसाबाईंची दहाही बोटं लुगड्यात गेली होती.

डॉक्टरांना त्यांची दया आली. "मावशी, वाईट वाटून घेऊ नका. असं घराणं जगात दुर्मीळ. तुमची परवानगी असेल तर परदेशी मासिकात 'शिरगाव घराणं' म्हणून छापून येईल."

लुगड्यातून एक बोट बाहेर आलं. "परदेशात? शिरगावचं नाव?"

"हो."

"वांगणीचं?"

"वांगणीचं काहीच नाही."

झालं! दुसऱ्या दिवसापासून कौसाबाई दारोदार सांगत सुटल्या. "नाथ्याचं दुखनं आमचं हाय, शिरगावचं! वांगणीचा काय संबंद नाय!" जे चारचौघांत कुणी म्हणावं म्हणून गोजरबाई तरणीची म्हातारी झाली, ते सासू स्वतःच्या तोंडाने, फुकटात, गावभर वाजवत होती.

औषधाने नाथा महिन्याभरात कपाटं उचलू लागला. एकदा चुलीपासून उठताना गोजरबाई "आई गं" म्हणून गुडघा चोळायला लागली, तशा कौसाबाई फणकारल्या.

"उगाच मोटेपना करू नको! तुजं नुसतं वय झालंय. आमच्यातलं नाय ते."

"व्हय आत्याबाई," गोजरबाई तोंडभर हसली. "सगळं तुमचंच."